अमरावतीचा गव्हर्नर आणि सत्तास्वीकाराचा प्रश्न



अमरावतीने देशाच्या राजकारणाला पुढारी पुष्कळ दिले. १८९७ च्या डिसेंबरात काँग्रेसचे अधिवेशन याच शहरात भरले. लोकमान्य टिळक तेव्हा राजद्रोहाच्या शिक्षेखाली तुरुंगात होते आणि स्वागताध्यक्षाच्या जागी दादासाहेब खापर्डे होते. पुढे १९१२ मध्ये येथलेच रंगनाथ नरसिंह मुधोळकर काँग्रेसचे अध्यक्ष झाले. वीर वामनराव जोशी यांनी रंगभूमी आणि सत्याग्रह यांची सांगड याच शहरात घातली. ही नावे वऱ्हाडातील कार्यकर्त्याला पाठ असतात. परंतु याच अमरावतीचा एक वकील १९२९ मध्ये मध्यप्रांत व वऱ्हाडचा हंगामी गव्हर्नर झाला होता, ही गोष्ट सहसा कोणाच्या स्मरणात नसते. त्या गृहस्थांचे नाव श्रीपाद बळवंत तांबे.

तांबे यांना विस्मृतीतून वर काढून त्यांची आरती ओवाळावी किंवा त्यांना पुन्हा एकदा आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करावे, असा या भाषणाचा हेतू नाही. त्यांच्या निमित्ताने १९२५ आणि १९२६ या दोन वर्षांत वऱ्हाडात एक प्रश्न उभा राहिला. ज्या राज्ययंत्राला विरोध करण्यासाठी लोकांनी निवडून दिले, त्याच यंत्रातील अधिकारपद लोकप्रतिनिधीने स्वीकारावे काय? आणि स्वीकारले तर त्या पदावरून तो कोणाचे काम करतो? लोकाभिमुख राजकारण करू पाहणाऱ्या प्रत्येक पक्षाला हा प्रश्न कधी ना कधी सोडवावा लागतो. म्हणून तांबे यांची हकिगत ही केवळ जुन्या कागदपत्रांतील नोंद नव्हे.

ज्या मुलखाचा मालक कोण, हेच ठरलेले नव्हते

प्रथम वऱ्हाडची त्या काळची स्थिती ध्यानात घेतली पाहिजे. १८५३ च्या तहाने निझामाने वऱ्हाडचा मुलूख इंग्रजांच्या हवाली केला. निझामाच्या नावाने ठेवलेल्या फौजेच्या खर्चापोटी हा मुलूख गहाण पडला, असे साध्या भाषेत म्हणता येईल. १९०२ मध्ये लॉर्ड कर्झन यांनी निझामाकडून तो कायमच्या पट्ट्याने घेतला आणि पुढच्याच वर्षी त्याचा कारभार मध्यप्रांताला जोडून दिला. मुलूख नावाने निझामाचा, कारभार इंग्रजांचा आणि कापूस लँकेशायरचा, असा हा तिहेरी संसार होता. १८७० मध्ये व्हाइसरॉय लॉर्ड मेयो खामगावला आले ते रेल्वेचा फाटा व कापसाचा बाजार यांच्या उद्घाटनासाठी. या प्रांतात इंग्रजांना काय हवे होते, हे त्यावरून समजते.

या विचित्र स्थितीचा परिणाम कायदेमंडळावरही झाला. वऱ्हाड हा कायद्याच्या काटेकोर अर्थाने ब्रिटिश हिंदुस्थानचा भाग नव्हता. त्यामुळे वऱ्हाडच्या मतदारांनी जे प्रतिनिधी निवडले, त्यांची पुन्हा सरकारने नेमणूक केल्याचा उपचार करावा लागे. मतदाराने निवडावे आणि गव्हर्नरने नेमावे! वऱ्हाडच्या प्रतिनिधीचा जन्मच असा दुहेरी होता. तो लोकांचा की सरकारचा, हा पुढे उभा राहिलेला वाद जणू त्या उपचारातच दडलेला होता.

१९१९ च्या कायद्याने प्रांतांत द्विदल राज्यपद्धती आली. शिक्षण, आरोग्य, शेतकी, स्थानिक स्वराज्य अशी खाती 'सोपीव' म्हणून मंत्र्यांकडे दिली गेली. जमीनमहसूल, पोलिस, तुरुंग, जंगल ही खाती 'राखीव' ठेवली गेली आणि ती गव्हर्नर व त्याचे कार्यकारी मंडळ यांच्या ताब्यात राहिली. मंत्री निदान कायदेमंडळाला जबाबदार होता. कार्यकारी मंडळाचा सभासद मात्र कायदेमंडळाला मुळीच जबाबदार नव्हता. त्याची नेमणूक वरून होई आणि त्याचे उत्तरदायित्वही वरच असे. कायदेमंडळाने एखादी मागणी फेटाळली तरी ती आवश्यक असल्याचे प्रमाणित करून खर्च करण्याचा अधिकार गव्हर्नरला होता. ज्या खात्यांचा शेतकऱ्याच्या, आदिवासीच्या आणि चळवळीतल्या माणसाच्या जीवनाशी रोजचा संबंध, ती सर्व खाती अशा रीतीने लोकांच्या हाताबाहेर ठेवलेली होती.

दोन रुपयांचे वेतन

१९२३ च्या निवडणुकीत देशबंधू दास व पंडित मोतीलाल नेहरू यांच्या स्वराज पक्षाने भाग घेतला. कायदेमंडळात शिरायचे ते आतून अडवणूक करून द्विदल पद्धतीचे पोकळपण उघडे पाडण्यासाठी, अशी त्या पक्षाची भूमिका होती. कोणतेही अधिकारपद घ्यायचे नाही, ही त्या भूमिकेची पहिली अट होती. या निवडणुकीत स्वराज पक्षाला सभागृहात स्पष्ट बहुमत मिळाले असा देशात एकच प्रांत निघाला. तो म्हणजे मध्यप्रांत व वऱ्हाड. बंगालमध्ये दासबाबूंना इतर गटांची मदत घ्यावी लागली, पण नागपूरच्या सभागृहात तशी गरज नव्हती.

या बहुमताचा उपयोगही झपाट्याने झाला. १९२४ च्या आरंभी मंत्र्यांवर अविश्वास व्यक्त करण्यात आला. मार्चमध्ये अंदाजपत्रकातील मागण्या नाकारण्यात आल्या. मंत्र्यांचे वेतन वर्षाला दोन रुपये इतके खाली आणण्यात आले. मंत्री गेले. गव्हर्नर सर फ्रँक स्लाय यांनी सोपीव खाती आपल्या हाती घेतली आणि राखीव खात्यांच्या मागण्या आपल्या अधिकारात प्रमाणित करून कारभार पुढे रेटला. द्विदल पद्धती हा देखावा आहे हे सिद्ध झाले. देखावा कोसळला तरी मागचे यंत्र जसेच्या तसे चालू राहते, हेही त्याच वेळी सिद्ध झाले.

दुसऱ्या गोष्टीने वऱ्हाडातील अनेक कार्यकर्ते अस्वस्थ झाले. शाळांचे, रस्त्यांचे, दवाखान्यांचे प्रश्न तसेच राहिले. सोपीव खात्यांवर लोकांचा थोडाबहुत ताबा होता, तोही आता गव्हर्नरकडे गेला. कायम नकार देण्याने लोकांना काय मिळाले, असा प्रश्न विचारला जाऊ लागला. १९२५ च्या जूनमध्ये देशबंधू निवर्तले आणि पक्षाला एकत्र ठेवणारा मोठा आधार गेला. याच काळात तांबे नागपूरच्या कायदेमंडळाचे अध्यक्ष म्हणून निवडून आले.

ऑक्टोबर १९२५

मध्यप्रांताच्या कार्यकारी मंडळातील गृहखाते १९२० पासून अमरावतीच्याच एका वकिलाकडे होते. ते सर मोरोपंत जोशी. ते नेमस्त पक्षाचे होते आणि आपण सरकारशी सहकार्य करतो, हे त्यांनी कधी लपविले नाही. पुढे १९२८ मध्ये संमतिवयाच्या प्रश्नाची चौकशी करणाऱ्या समितीचे ते अध्यक्ष झाले आणि बालविवाहाविरुद्ध लोकमत तयार करण्यात त्या समितीचा वाटा होता. जोशी यांची मुदत संपली तेव्हा नवे गव्हर्नर सर माँटेग्यू बटलर यांनी ती जागा तांबे यांना देऊ केली आणि ऑक्टोबर १९२५ मध्ये तांबे यांनी ती स्वीकारली.

जागा त्याच शहराकडे, त्याच वकीलवर्गाकडे राहिली, पण तिचा अर्थ पार बदलला. जोशी आपल्या पक्षाच्या धोरणाला धरून गेले होते, तर तांबे पक्षाच्या निर्णयाविरुद्ध गेले. जो पक्ष मंत्र्याला दोन रुपयांच्या वर वेतन द्यायला तयार नव्हता, त्याच पक्षाचा निवडून आलेला अध्यक्ष लोकांना अजिबात जबाबदार नसलेल्या जागेवर जाऊन बसला. मंत्रिपद घेणे ही एक गोष्ट आणि गृहसभासद होणे ही दुसरी गोष्ट. पोलिस आणि तुरुंग ज्या हातात असतात, तो हात चळवळीतल्या माणसाच्या खांद्यावर केव्हाही पडू शकतो.

पंडित मोतीलालजी संतापले. त्यांनी या कृतीचा जाहीर निषेध केला आणि रोगट अवयव कापून टाकलाच पाहिजे, अशा आशयाचे उद्गार काढले. महाराष्ट्रातील पुढाऱ्यांना ते झोंबले. नरसिंह चिंतामण केळकर आणि बॅरिस्टर मुकुंदराव जयकर यांनी तांबे यांची बाजू घेतली. नागपूरचे डॉक्टर मुंजेही त्याच बाजूचे होते. त्यांचे म्हणणे असे : पक्षाचे विठ्ठलभाई पटेल मध्यवर्ती विधिमंडळाचे अध्यक्ष होतात, स्वतः मोतीलालजी सरकारने नेमलेल्या स्कीन समितीवर जातात, मग तांबे यांनीच असे काय पाप केले? अडवणुकीच्या धोरणाला पक्षाने जागोजाग मुरड घातलीच आहे, तर तसे सरळ कबूल करावे.

या युक्तिवादाची पाळेमुळे जुनी होती. १९१९ च्या अमृतसर काँग्रेसच्या वेळी लोकमान्यांनी प्रतियोगी सहकारितेचा विचार मांडला होता. सरकार जेवढे देईल तेवढे घ्यावे, त्याचा उपयोग करावा आणि उरलेल्यासाठी भांडावे, असा त्याचा सारांश. लोकमान्य ऑगस्ट १९२० मध्ये गेले. त्यांच्या शब्दाचा अर्थ लावण्याचे काम अनुयायांवर आले आणि प्रत्येकाने तो आपापल्या सोयीने लावला.

केळकर, जयकर आणि मुंजे कायदेमंडळातील आपल्या जागा सोडून बाहेर पडले. फेब्रुवारी १९२६ मध्ये अकोल्याला परिषद भरली आणि तेथे प्रतिसहकार पक्षाने आकार घेतला. पेच पडला अमरावतीच्या माणसावरून आणि नवा पक्ष उभा राहिला अकोल्यात. दोन्ही गटांनी एप्रिलमध्ये साबरमतीला समेटाचा करार केला, पण तो महिनाभरही टिकला नाही. मंत्र्यांना किती अधिकार मिळाले म्हणजे सरकारचा प्रतिसाद पुरेसा समजायचा, या एका शब्दार्थावर तो मोडला. त्याच वर्षाच्या निवडणुकीत ज्या प्रांताने स्वराज पक्षाला देशातील एकमेव स्पष्ट बहुमत दिले होते, त्याच प्रांतात त्या पक्षाने बहुमत गमावले. १९२७ मध्ये राघवेंद्र राव व अमरावतीचे रामराव देशमुख मंत्री झाले आणि द्विदल पद्धतीचे गाडे पुन्हा रुळावर आले. सर माँटेग्यू बटलर यांना जे हवे होते ते एका नेमणुकीने साधले. साम्राज्याच्या अधिकाऱ्याला विरोधी पक्ष नेहमी मोडावा लागतो असे नाही. पुष्कळदा त्यातील एका माणसाला मान दिला की बाकीचे काम पक्षच करतो.

जावा बेटाचा दाखला

ही युक्ती केवळ इंग्रजांची नव्हती. डचांनी जावा बेटावर ती कितीतरी आधी शास्त्रासारखी राबविली होती. तेथे वरती डच रेसिडेंट आणि त्याच्या शेजारी जावानी सरदार घराण्यातला 'रीजंट' अशी जोडी असे. रेसिडेंटने रीजंटला धाकट्या भावाप्रमाणे वागवावे, अशी सरकारची शिकवण होती. रीजंटला छत्र, मानमरातब, वंशपरंपरागत जागा सारे होते. १८३० मध्ये गव्हर्नर जनरल व्हान डेन बॉश यांनी सक्तीच्या लागवडीची पद्धत आणली, तेव्हा गावाकडून ऊस, नीळ व कॉफी वसूल करण्याचे काम याच धाकट्या भावांच्या हातून करून घेतले गेले. अठराशे पन्नासच्या दशकात हॉलंडच्या सरकारी उत्पन्नाचा जवळजवळ एक तृतीयांश भाग जावाहून येत होता.

एड्वार्ड डाउवेस डेकर या डच अधिकाऱ्याने १८५६ मध्ये लेबाक जिल्ह्यातील रयतेच्या छळाविरुद्ध तक्रार केली. अधिकारी स्वतः डच, तक्रार डच सरकारकडे आणि तीही डचांच्याच नियमांना धरून. तरीही नोकरी त्यालाच सोडावी लागली. 'मुलतातुली' या टोपणनावाने १८६० मध्ये त्याने 'मॅक्स हॅव्हलार' ही कादंबरी लिहिली आणि हॉलंडचे सद्सद्विवेक ढवळून काढले. या प्रकरणातून एक गोष्ट निर्विवाद दिसते. खुर्चीत बसलेला माणूस गोरा असो वा काळा, प्रामाणिक असो वा लोभी, ती खुर्ची कोणाला उत्तर देते यावर कारभाराचे स्वरूप ठरते. प्रामाणिक डच माणूस लेबाकच्या रयतेला वाचवू शकला नाही. मग नागपूरच्या सचिवालयातला एकटा वऱ्हाडी माणूस वऱ्हाडच्या रयतेला कितपत वाचवू शकणार होता?

राजवाड्यात वऱ्हाडी माणूस

१९२९ मध्ये बटलर यांच्या अनुपस्थितीत तांबे यांच्याकडे गव्हर्नरपदाची हंगामी सूत्रे आली. हिंदी माणसाने प्रांताचा गव्हर्नर होणे ही त्या काळी अपूर्व घटना होती. १९२० मध्ये लॉर्ड सिन्हा बिहार-ओरिसाचे गव्हर्नर झाले, ते पहिले. १९२८ मध्ये छतारीचे नबाब काही काळ संयुक्त प्रांताचे हंगामी गव्हर्नर होते. त्यानंतर तांबे. नबाबाची जहागीर किंवा लॉर्डची पदवी त्यांच्यामागे नव्हती. एका जिल्ह्याच्या ठिकाणी वकिली करणाऱ्या माणसाने एवढी मजल मारली, याचे अमरावतीकरांना कौतुक वाटले असल्यास त्यात अस्वाभाविक काही नाही. त्या कौतुकाची चेष्टा करणे सोपे आहे, परंतु ते न्यायाचे नाही. गुलाम देशातल्या माणसाला आपल्यापैकी कोणी राजवाड्यात बसलेला पाहून क्षणभर ताठ मानेने चालावेसे वाटते, ही भावना खरी असते.

पण त्याच वर्षांत राजवाड्याबाहेर काय चालले होते, हेही पाहिले पाहिजे. १९२७ च्या नोव्हेंबरात अमरावतीत अंबादेवीच्या मंदिरात प्रवेश मिळावा म्हणून अस्पृश्य बांधवांचा लढा उभा राहिला होता आणि त्यासाठी भरलेल्या परिषदेचे अध्यक्षपद डॉक्टर बाबासाहेब आंबेडकर यांनी भूषविले. ज्या शहराचा माणूस प्रांताचे गृहखाते सांभाळत होता, त्या शहरातील हजारो माणसांना देवीच्या पायरीपर्यंतही जाता येत नव्हते. हा दोष एकट्या तांबे यांच्या माथी मारता येणार नाही, तो साऱ्या समाजाचा होता. परंतु 'आपला माणूस वर गेला' या वाक्यातील 'आपला' म्हणजे कोण, हा प्रश्न अंबादेवीच्या दारात उभ्या राहिलेल्या माणसाने विचारला असता तर त्याला काय उत्तर देता आले असते? डॉक्टर पंजाबराव देशमुख यांनी पुढे जिल्हा कौन्सिलच्या अध्यक्षपदावरून सार्वजनिक विहिरी अस्पृश्यांना खुल्या करण्याचे पाऊल टाकले. ती खुर्ची गव्हर्नरच्या खुर्चीहून कितीतरी लहान होती, परंतु ती जिल्ह्यातल्या माणसांच्या जवळ होती.

१९२९ च्या डिसेंबरात लाहोरला संपूर्ण स्वातंत्र्याचा ठराव झाला आणि १९३० मध्ये देश पेटला. वऱ्हाडला समुद्र नाही, म्हणून अकोला जिल्ह्यात दहीहंडा येथील खाऱ्या पाण्याच्या विहिरीवर मिठाचा सत्याग्रह झाला. जुलैत यवतमाळचे लोकनायक बापूजी अणे यांनी पुसदला राखीव जंगलातील गवत कापून कायदा मोडला आणि ते पकडले गेले. ऑक्टोबरात शिवनी जिल्ह्यात टुरिया येथे जंगल सत्याग्रहाच्या जमावावर पोलिसांनी गोळ्या झाडल्या. त्यात चौघे आदिवासी मारले गेले आणि त्यांपैकी तीन स्त्रिया होत्या. जंगल हे राखीव खाते आणि पोलिस हेही राखीव खाते. १९२० पासून ज्या प्रांताच्या गृहखात्याला अमरावतीचे नाव लागले होते, त्याच प्रांताच्या पोलिसांची ही गोळी. दहा वर्षे हिंदी हात त्या खात्यावर राहिले, पण बंदुकीचा रोख बदलला नाही. हा कोणा व्यक्तीचा पराभव म्हणण्यापेक्षा एका राजकीय विचाराचा पराभव म्हणणे अधिक योग्य ठरेल.

जमेची बाजू

तथापि जमाखर्च मांडायचा तर जमेची बाजूही मांडली पाहिजे. तांबे १९३० च्या पहिल्या गोलमेज परिषदेला गेले. १९३२ मध्ये मताधिकाराचा विचार करणाऱ्या लोथियन समितीचे ते सभासद होते. त्या समितीत डॉक्टर आंबेडकर होते, मजूर चळवळीतले रा. रा. बखले होते. गव्हर्नर बटलर यांचे चिरंजीव, ब्रिटिश पार्लमेंटचे तरुण सभासद आर. ए. बटलर हेही होते. ज्या पित्याने तांबे यांना गृहखाते दिले, त्याच्या पुत्राच्या मांडीला मांडी लावून तांबे हिंदी जनतेच्या मताधिकाराचा विचार करीत बसले! प्रांतिक मतदारांची संख्या सुमारे ७० लाखांवरून ३ कोटी ६० लाखांपर्यंत वाढवावी, अशी शिफारस त्या समितीने केली. प्रौढ मताधिकारापर्यंत ती गेली नाही. तरीही ज्या लाखो कुळांना, मजुरांना व स्त्रियांना प्रथमच मत मिळण्याची वाट मोकळी झाली, त्यांच्या दृष्टीने ही क्षुल्लक गोष्ट नव्हती.

प्रतिसहकाराच्या विचारालाही सरसकट लाचारी म्हणून निकालात काढणे चूक ठरेल. १९३७ मध्ये खुद्द काँग्रेसने प्रांतांत मंत्रिपदे घेतली. केळकर-जयकरांनी दहा वर्षांपूर्वी जे म्हटले ते अखेर काँग्रेसनेही केले, असे कोणी म्हटल्यास ते अगदीच खोटे नाही. फरक आहे तो दोन बाबतींत. १९३७ चे मंत्री मतदारांना व पक्षाला जबाबदार होते. आणि १९३९ मध्ये देशाला न विचारता महायुद्धात ओढले गेले, तेव्हा त्यांनी पक्षाच्या आदेशाने एकजात राजीनामे दिले. पद घेण्याचा निर्णय सर्वांचा आणि सोडण्याचा निर्णयही सर्वांचा होता. तांबे यांच्या बाबतीत पद घेण्याचा निर्णय एकट्याचा होता, म्हणून सोडण्याचा आदेश देण्याचा हक्क कोणालाच उरला नाही.

सोडण्याचा दिवस

या प्रश्नाचे मर्म वऱ्हाडच्याच इतिहासातील दोन माणसांनी दाखवून दिले आहे. १८९७ च्या अमरावती काँग्रेसचे अध्यक्ष सर शंकरन नायर पुढे व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात गेले. ते क्रांतिकारक नव्हते, गांधीजींच्या मार्गाचे तर विरोधकच होते. पण पंजाबात लष्करी कायद्याखाली माणसांचा छळ झाला, तेव्हा १९१९ मध्ये त्यांनी ते पद सोडले. दुसरे उदाहरण बापूजी अणे यांचे. ते स्वतः प्रतिसहकारवादी होते. १९४१ मध्ये तेही व्हाइसरॉयच्या मंडळात गेले आणि त्यांच्यावर टीकाही झाली. परंतु फेब्रुवारी १९४३ मध्ये गांधीजींनी आगाखान राजवाड्यात उपोषण आरंभिले, सरकार त्यांना सोडीना, तेव्हा अणे, नलिनीरंजन सरकार व होमी मोदी यांनी राजीनामे देऊन बाहेरची वाट धरली. पुसदला गवत कापणारा माणूस त्यांच्यात अजून जागा होता. हेच अणे स्वातंत्र्यानंतर १९४८ मध्ये बिहारचे राज्यपाल झाले.

पद घेणारा प्रत्येक जण बिघडतो असे नव्हे आणि पद नाकारणारा प्रत्येक जण शुद्ध राहतो असेही नव्हे. अमुक एक गोष्ट घडली तर हे पद क्षणभरही ठेवणार नाही, अशी मर्यादा ज्याने मनाशी आखलेली असते, त्याच्याकडून लोकांची फसवणूक सहसा होत नाही. ज्याने ती आखलेली नसते त्याला प्रत्येक दिवशी आणखी एक दिवस राहण्याचे कारण सापडते. ते कारण बहुधा लोककल्याणाचेच असते, म्हणूनच ते अधिक घातक असते.

स्वातंत्र्यानंतर गव्हर्नर गेला आणि राज्यपाल आला. घटनासमितीने प्रथम राज्यपाल लोकांनी निवडावा असा विचार केला होता. पुढे १९४९ मध्ये तो राष्ट्रपतींनी नेमावा असे ठरले. १९३५ च्या कायद्यातील कलम ९३ खाली काँग्रेसच्या राजीनाम्यानंतर या प्रांताचा कारभार गव्हर्नरने एकट्याने चालविला होता. त्याच कलमाची छाया घटनेच्या कलम ३५६ वर पडलेली आहे. १९९४ च्या बोम्मई खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने त्या कलमाच्या वापरावर बंधने घातली. २०२३ च्या मे महिन्यात त्याच न्यायालयाने महाराष्ट्राच्या राज्यपालांनी जून २०२२ मध्ये बहुमत चाचणीसाठी दिलेला आदेश समर्थनीय नव्हता, असे म्हटले. दरम्यान अमरावती जिल्ह्यातील दारापूरचे रा. सू. गवई बिहार व केरळ या राज्यांचे राज्यपाल झाले. अंबादेवीच्या दाराबाहेर ज्या समाजाला उभे राहावे लागले, त्या समाजातील माणूस या पदापर्यंत पोचला, ही प्रजासत्ताकाची खरी मिळकत आहे. परंतु ते पद कोणाला उत्तर देते, हा प्रश्न माणूस बदलल्याने सुटत नाही. १९२९ मध्येही तो सुटला नव्हता.

कार्यकर्त्यांना राज्यपालपद कोणी देऊ करणार नाही. त्यांच्यापुढे येतात त्या लहान खुर्च्या : बाजार समितीचे संचालकपद, सहकारी बँकेचे अध्यक्षपद, जिल्हा परिषदेची एखादी समिती, एखाद्या महामंडळावरची नेमणूक. देणारा बहुधा विरोधी बाजूचा असतो आणि देताना तो 'तुमच्यासारखी माणसे आत असायला हवीत' असेच म्हणतो. वाक्य खोटेही नसते. अशा वेळी नकाराचा सोवळेपणा मिरविण्याचे कारण नाही. कापूस उत्पादकाला भाव मिळवून देण्यासाठी बाजार समितीत शिरावेच लागते. पण शिरण्यापूर्वी गावच्या शाखेची सभा बोलवावी. हे पद कोणाच्या मताने मिळाले, त्यावरून कोणाला हिशेब द्यायचा आणि कोणती गोष्ट घडली म्हणजे ते सोडायचे, हे त्या सभेत सर्वांसमक्ष ठरवावे आणि वहीत लिहून ठेवावे. ज्या दिवशी ती गोष्ट घडेल त्या दिवशी वही उघडणारी माणसे शाखेत असली पाहिजेत.

१९२५ च्या ऑक्टोबरात अमरावतीच्या एका बुद्धिमान, कर्तबगार माणसाने असा विचार सहकाऱ्यांसमोर न मांडता एकट्याने निर्णय घेतला. सहकाऱ्यांनीही विचार करण्याऐवजी आधी अवयव कापण्याची भाषा केली. दोन्ही चुकांची किंमत वऱ्हाडातील चळवळीने मोजली. तिचा हिशेब ठाऊक असलेल्या शाखेला आपली वही कोरी ठेवता येणार नाही.